मिश्रीचा रकाना

ते पुस्तक दरवर्षी श्रावणाच्या आगेमागे येतं. जाडजूड, गुळगुळीत कागदाचं, वजनाला चांगलं किलोभर. आरोग्य विमा कंपनीचा वार्षिक अहवाल. आमचं गाव कराडपासून एसटीनं अर्ध्या तासावर, कृष्णेच्या काठाला, आणि अख्ख्या गावात असलं पुस्तक फक्त माझ्या नावानं येतं. हल्ली हे सगळं मोबाइलवर मिळतं, कागद कुणी मागवत नाही. मी मात्र कंपनीला मुद्दाम पत्र लिहून छापील प्रत मागवायची. पोस्टमन दारात उभा राहून मोठ्यानं हाक मारायचा, समोरच्या चार बायका माना वळवून बघायच्या. मला मोठेपणाची हौस पहिल्यापासूनच, ती लपवून आता काय उपयोग?

मी त्या कंपनीची एजंट होते. शिवाय कंपनीच्या एका मेळाव्यात साहेब म्हणाले होते की एजंट लोकांनी नुसतं काम करू नये, कंपनीचे मालकही व्हावं. म्हणून मी थोडे शेअर घेतले होते. अगदी थोडे. तेवढ्यावरून माझ्या थोरल्या जाऊबाई मला "मालकीणबाई" म्हणायच्या. पुस्तक आलं की हात पदराला पुसून माझ्याशेजारी बसायच्या आणि फोटो बघायच्या. आकडे असलेली पानं त्या भराभर उलटायच्या, फोटो आला की थांबायच्या. हसणारे आजोबा, हसणारी आजी, गळ्यात नळी अडकवलेला हसरा डॉक्टर.

"ह्यातलं एक बी आजारी दिसत न्हाई गं," एकदा त्या म्हणाल्या.

मी त्यांना आक्का म्हणते. मी लग्न होऊन आले तेव्हा मला चूल पेटवता येत नव्हती आणि ती गोष्ट सासूबाईंना कधीच कळली नाही, कारण माझ्या वाटणीची भाकरीही आक्काच थापायच्या. दोन घरं वेगळी झाली तरी मधली भिंत नावापुरतीच होती. माझ्या कॉलेजचं शेवटचं वर्ष राहिलं ते राहिलंच, पण डोक्यात इंग्रजीची खुमखुमी होती. एजंट व्हायचं ठरवलं तेव्हा घरातल्या पुरुषांनी नाकं मुरडली. आक्का म्हणाल्या, "कर. पयला फारम माजा भर."

तो फॉर्म मी भरला ती सकाळ मला लख्ख आठवते. आक्का सोप्यात उंबऱ्यापाशी टेकून बसल्या होत्या. शेजारी मिश्रीची डबी. तंबाखू तव्यावर काळी होईपर्यंत भाजायची, कुटायची आणि त्या पुडीनं सकाळी दात घासायचे, ही आमच्याकडच्या बायकांची मिश्री. घासणं नावाला. बोट तोंडात घालून तास-अर्धा तास निवांत बसायचं, ते खरं. आक्कांचं तेच चाललं होतं. मी एकेक प्रश्न मराठीत करून विचारत होते आणि त्या बोट काढून उत्तर देत होत्या. शुगर? न्हाई. बीपी? न्हाई. कधी ऑपरेशन? न्हाई.

"तंबाखू, गुटखा, सिगारेट?"

"मी कशाला खाऊ तंबाकू? त्ये गडी माणसं खात्यात," त्या म्हणाल्या, बाजूला थुंकल्या आणि बोट परत डबीत घातलं.

मी "नाही" लिहिलं. लिहिताना मला जराही वावगं वाटलं नाही, हे मी शपथेवर सांगते. तंबाखू म्हणजे पुरुषांच्या खिशातली चुन्याची डबी. मिश्री म्हणजे दात घासायची वस्तू. मीही लावत होते, पहिल्या बाळंतपणानंतर लागलेली सवय. माझ्या स्वतःच्या फॉर्मातही "नाही"च आहे. पुढच्या तीन वर्षांत मी गावातल्या घराघरांतून फॉर्म भरले. बहुतेक सकाळीच, बायकांना वेळ असतो तेव्हा, आणि बहुतेकींचं बोट तोंडात असायचं. मी सगळीकडे "नाही" लिहीत गेले. फॉर्मात मिश्रीचा रकाना नव्हता, आणि माझ्या डोक्यातही नव्हता.

तिसऱ्या वर्षी कंपनीनं सांगलीला मेळावा घेतला. मोठा हॉल, थंडगार एसी, पाण्याच्या बाटल्या. आक्कांनी मला त्यांची मोरपंखी इरकल नेसायला दिली, थोरल्या दिरांनी बेळगावहून आणलेली. "मालकीणबाई, जरा ऐटीत जावा," म्हणाल्या. मी पहिल्या रांगेत बसले. मुंबईचे साहेब आले होते. ते म्हणाले, आज तुम्हाला तेच दाखवणार आहे जे आम्ही मोठमोठ्या गुंतवणूकदारांना दाखवतो. पडद्यावर चित्रं सुरू झाली. ग्राहक किती वाढले, शाखा किती वाढल्या, पुढच्या वर्षी कुठे जायचं. प्रत्येक रेष वर चढणारी होती. आणि मग एक रेष आली ती खाली उतरणारी.

साहेबांनी समजावून सांगितलं. लोकांनी भरलेल्या शंभर रुपयांतले आजारपणाच्या क्लेमपोटी लोकांना परत किती गेले, त्याची ती रेष. मला काळजी वाटली. आमचा उसाचा भाग. इथं शेंबड्या पोरालाही उतारा कळतो, टनभर उसातून साखर किती निघाली तो. उतारा पडला की कारखान्यापासून कामगारापर्यंत सगळ्यांची तोंडं उतरतात. मला वाटलं हेही तसंच असणार. मी हात वर केला आणि सगळ्यांसमोर विचारलं, "साहेब, हा उतारा दरवर्षी पडत चाललाय, तर कंपनी अडचणीत आहे का?"

हॉलमध्ये हशा पिकला. साहेबही हसले, पण सभ्यपणे. "ताई, हा उलटा उतारा आहे," ते म्हणाले. "हा जितका खाली, तितके गुंतवणूकदार खूश."

मग त्यांनी तो खाली कसा आणला ते सांगितलं. पॉलिसी देताना आम्ही फार प्रश्न विचारत नाही, ग्राहक कंटाळतो. क्लेम आला की मात्र कागद ओळ न् ओळ वाचतो. दवाखान्याचे कागद एका बाजूला, जुना फॉर्म दुसऱ्या बाजूला. कुठे माहिती दडवलेली दिसली की क्लेम बाद. यापुढे हे आणखी कडक करणार, त्यासाठी वेगळी माणसं नेमली आहेत, आणि ही आपली पुढच्या वर्षांची मुख्य दिशा आहे. ते थांबले. आमच्यातल्या कुणीतरी टाळी वाजवली, मग सगळ्यांनी वाजवल्या. मीही वाजवल्या. जोरात वाजवल्या, कारण मघाशी माझं हसं झालं होतं आणि मला दाखवायचं होतं की आता मला सगळं समजलंय. एक फोटोग्राफर गुडघ्यावर बसून आमच्या रांगेचे फोटो काढत होता.

दडवलेली माहिती म्हणजे लबाड लोकांनी दडवलेली, असंच मी धरून चालले. आम्ही कुठं काय दडवलंय?

येताना आक्कांसाठी सांगलीचं भडंग घेतलं, तिखट, त्यांना आवडतं तसं. ठेचा चमच्यानं खाणारी बाई. त्यांनी एक घास तोंडात टाकला आणि डोळ्यांत पाणी आलं. घास परत हातात काढला.

"तोंड आलंय," त्या म्हणाल्या. "झाला की म्हैना."

"महिना? मग बोलला का नाहीत?"

"तोंड आल्यालं काय सांगत बसायचं?"

मी त्यांना दारातल्या उजेडात आणलं आणि गाल ओढून आत बघितलं. उजव्या बाजूला, जिथं त्या मिश्रीचं बोट दाबून ठेवायच्या तिथं, पांढरा चट्टा होता आणि मधोमध लाल. मी बोटानं हलकंच दाबलं तर आत टणक लागलं. भडंगाची पुडी मी तशीच बांधून फळीवर ठेवली. ती पुढे कुणीच खाल्ली नाही.

कराडच्या डॉक्टरांनी बघितलं, औषध काही दिलं नाही, मिरजेला जा म्हणाले. दुसऱ्या दिवशी आम्ही तिघं मिरजेला गेलो, आक्का, थोरले दीर आणि मी. तिथं एक तरुण डॉक्टरीण होती, आमच्या भागातलीच असणार, कारण तिनं "तंबाखू?" असं विचारल्यावर आक्का "न्हाई" म्हणाल्या तर तिचं पेन हललंच नाही. ती थांबली आणि म्हणाली, "आणि मिश्री?"

"ती लावती की," आक्का मोकळेपणानं म्हणाल्या. "लगीन झाल्यापासनं. तीस-पस्तीस वर्सं झाली असतील."

डॉक्टरीण लिहू लागली. मी टेबलाच्या या बाजूला उभी होते, मला अक्षरं उलटी दिसत होती. तंबाखू, मिश्रीच्या रूपात, तीस वर्षांहून जास्त. माझ्या मनात पाल चुकचुकली. दवाखान्याचे कागद एका बाजूला, जुना फॉर्म दुसऱ्या बाजूला. साहेबांचा आवाज मला तिथं, त्या फिनाइलच्या वासात, स्वच्छ ऐकू आला.

तुकडा काढून तपासला. कॅन्सर निघाला. डॉक्टरीण म्हणाली, "अजून गालापुरता आहे. लवकर ऑपरेशन केलं तर जबडा वाचेल, जीभ वाचेल. पण थांबू नका." खाली सरकारी योजनेची खिडकी होती. तिथल्या माणसानं रेशनकार्ड, आधारकार्ड बघितलं आणि म्हणाला, योजनेत बसतंय, दोन-चार दिवसांत मंजुरी येईल, भरू का कागद?

आता जे सांगणार आहे ते मी आजवर घरात एकीखेरीज कुणाला सांगितलेलं नाही. थोरले दीर माझ्या तोंडाकडे बघत होते, कारण या बाबतीत घरात शब्द माझा चालायचा. मला ती उलटी अक्षरं दिसत होती. योजनेत भरा म्हणाले असते तर विषय तिथंच संपला असता. पण मग गावात काय सांगायचं? स्वतःच्या जावेची पॉलिसी असताना एजंटबाई योजनेच्या रांगेत उभी राहिली? घरोघरी ज्यांना मी पॉलिसी विकली त्यांनी मला काय विचारलं असतं?

"नको," मी म्हणाले. "आमची कंपनीची पॉलिसी आहे. मी स्वतः तिथं एजंट आहे."

हातचं सोडून पळत्याच्या पाठी लागणं म्हणतात ते हेच. खिडकीतला माणूस बरं म्हणाला आणि त्यानं पुढच्याला हाक मारली.

कंपनीला कागद गेले. उत्तर आलं, आणखी माहिती हवी. ती पाठवली. उत्तर आलं, जुने रिपोर्ट हवेत. जुने रिपोर्ट नव्हतेच, आक्का कधी दवाखान्यात गेल्याच नव्हत्या, तसं कळवलं. उत्तर आलं, चौकशी सुरू आहे. मी रोज फोन करायची. रोज नवा आवाज, रोज तीच गोड भाषा. आक्का रोज सकाळी विचारायच्या, "आला का गं फोन?" आणि मी रोज म्हणायची, "येतोय. आपलीच कंपनी आहे." मिश्री त्यांनी सोडली होती, मीही सोडली होती. डबी खिडकीत तशीच पडून होती. दुसऱ्या आठवड्यात त्यांचं तोंड पुरतं उघडेना. तिसऱ्या आठवड्यात कानाखाली गाठ लागली. ती त्यांनी मला दाखवली नाही, पदर ओढून घ्यायला लागल्या तेव्हा मीच ओळखलं. मला रात्रंदिवस भीती वाटत होती आणि तरीही मी थांबा म्हणत होते, कारण आता योजनेत जायचं म्हणजे आधीचे सगळे दिवस माझ्यामुळं वाया गेले हे कबूल करायचं.

चौथ्या आठवड्यात कंपनीचा माणूस आला. चौकशी अधिकारी म्हणजे कुणी दरडावणारा असेल असं वाटलं होतं. हा शांत, बारीक आवाजाचा, चप्पल बाहेर काढून आत आला. चहा घेतला, बशी नीट कपाखाली ठेवली. मग पिशवीतून दोन कागद काढून गुडघ्यावर शेजारी शेजारी धरले. एक मिरजेचा. दुसऱ्यावर माझं अक्षर.

"मावशी, मिश्री कधीपासून लावता?"

आक्कांनी खरं सांगितलं.

"मग फॉर्मात नाही कसं लिहिलंय? फॉर्म कुणी भरला?"

"हिनं," आक्का म्हणाल्या.

त्यानं माझ्याकडे बघितलं. "ताई, तुम्हाला माहीत होतं का, या मिश्री लावतात ते?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं. काय उत्तर देणार होते ते मला आजही ठाऊक नाही. हो म्हणाले असते तर एजंटला माहीत असून तिनं खोटं लिहिलं असं झालं असतं, माझं काम गेलं असतं आणि माझ्या हातचे गावातले सगळे फॉर्म उघडले गेले असते. कदाचित हो म्हटल्यानं आक्कांचा क्लेम वाचलाही असता. चूक फॉर्म भरणारीची, आजारी बाईची नाही, असं कुणी म्हणालं असतं. कदाचित नसताही वाचला. एवढ्यात आक्का बोलल्या. अर्ध्या उघडणाऱ्या तोंडानं, पण ठामपणे.

"तिला काय ठावं? मी चोरून लावत हुते. कुणालाच सांगितलं न्हाई."

साऱ्या गल्लीसमोर उंबऱ्यात बसून तीस वर्षं मिश्री लावणारी बाई. त्या माणसानं खिडकीतल्या डबीकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं, आणि त्याला सगळं कळलं होतं असं मला आजही वाटतं. पण त्यानं आक्का बोलल्या तेवढंच लिहिलं आणि त्यांची सही घेतली. मी रिकामी कपबशी उचलली. आपलेच दात, आपलेच ओठ, म्हणून लोक दुसऱ्याला सांभाळून घेतात. मी माझ्यासाठी दुसरीला खोटं बोलू दिलं. जाताना तो माणूस दारात हळूच म्हणाला, "काळजी करू नका ताई, यात तुमच्यावर काही येत नाही."

आठ दिवसांत पत्र आलं. माहिती दडवल्यामुळं क्लेम नामंजूर, पॉलिसी रद्द. त्याच दिवशी आम्ही मिरजेला जाऊन योजनेच्या त्याच खिडकीत उभे राहिलो. तोच माणूस होता, त्यानं मला ओळखलं नाही. मंजुरी खरोखरच चार दिवसांत आली. डॉक्टरीण मात्र ओळखणारी होती. तिनं आक्कांची मान चाचपली आणि मला बाजूला घेऊन विचारलं, "इतके दिवस कुठं होतात?"

ऑपरेशन झालं. उजवा जबडा काढावा लागला, जीभही अर्धी. आक्का जगल्या. पातळ पेज घेतात, तीही सावकाश. त्यांचं बोलणं बाहेरच्याला कळत नाही, थोरल्या दिरांनाही सगळं कळत नाही. मला कळतं. इतकी वर्षं त्या तोंडात बोट ठेवून बोलायच्या आणि मी समजून घ्यायची, त्याचा आता असा उपयोग झाला.

यंदाही श्रावणात पुस्तक आलं. छापील प्रत नको असं कळवायचं माझ्याकडून राहून गेलं होतं. पोस्टमननं हाक मारली, समोरच्या बायकांनी माना वळवल्या. मी ते घेऊन आत फळीवर टाकणार होते, पण आक्का हात पदराला पुसत येऊन बसल्या होत्या. सवय. त्यांनी पानं उलटायला सुरुवात केली. उताऱ्याचं पान मी बघितलं. रेष आणखी खाली गेली होती. त्या एवढ्याशा उतारात आमच्या घरातलं कुणीतरी आहे हे त्या पानावर कुठंच लिहिलेलं नव्हतं.

पुढचं पान आलं आणि आक्का थांबल्या. पानभर फोटो होता, आमचे प्रतिनिधी, आमचा विश्वास अशा काहीशा मथळ्याचा. सांगलीचा हॉल. पहिल्या रांगेत मी. हात उंच धरून टाळ्या वाजवतेय, तोंडभर हसतेय. आक्कांनी आधी माझा चेहरा नाही, इरकलीचा काठ ओळखला. त्यावर बोट टेकवून त्या काहीतरी बोलल्या. सोप्यात बसलेले थोरले दीर अर्थ कळावा म्हणून माझ्याकडे बघायला लागले.

"त्यांचं लुगडं आहे म्हणतायत," मी सांगितलं.

मग त्यांनी बोट सरकवून माझ्या हातांवर आणलं आणि विचारलं, कशापायी टाळ्या वाजवाय लागलीस गं एवढ्या? हे मी दिरांना सांगितलं नाही.

दीर उठून बाहेर गेल्यावर मी आक्कांना खरं ते सांगितलं. उलटा उतारा सांगितला. कागद ओळ न् ओळ वाचणार हे ऐकून टाळ्या वाजवल्या ते सांगितलं. ती उलटी अक्षरं मी मिरजेला वाचली होती आणि तरी खिडकीत नको म्हणाले, तेही सांगितलं. त्या ऐकत होत्या. उजव्या बाजूनं लाळ गळते ती त्यांनी पदरानं टिपली. मला वाटलं त्या रडतील, किंवा मला हाकलून देतील, आणि खरं तर मला तेच हवं होतं. त्यांनी फोटोकडे बघत एकच गोष्ट विचारली. बाकीच्या बायकांस्नी सांगितलंस का?

नव्हतं सांगितलं. अख्खं वर्ष मी त्यांच्याकडून हप्ते घेऊन पॉलिसी पुढे चालू ठेवत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी फॉर्मांच्या झेरॉक्सचा गठ्ठा काढला, खिडकीतली ती डबी गटारीत रिकामी केली आणि समोरच्या घरापासून सुरुवात केली. दार उघडंच होतं. बाई उंबऱ्याला टेकून बसली होती, सकाळच्या उन्हात, अगदी निवांत. माझं उतरलेलं तोंड बघून तिनं बसायला सरकून जागा केली आणि तोंडातलं काळं बोट न काढताच विचारलं, "का वं, कुनी गेलं का काय?"